बीट नंबर सातचा बिल्ला

“मधे कुठं होतास?”

“मधे म्हणजे?”

“इथून निघालास. मुद्दूपाशी पोचलास. मधे कुठं होतास?”

“मधे काही नसतं, नाना. टीपी मारला की माणूस इथून गायब, तिथं हजर. मधे काही नसतं.”

चावीनाना शेंगा सोलत होते. एक शेंग फुटली, दोन दाणे निघाले. एक त्यांनी खाल्ला, एक डब्यात टाकला.

“बरं,” म्हणाले.

आणि पुढची शेंग उचलली.

मे महिन्यातली दुपार. मनमाडचं ऊन. मी त्यांच्या ओट्यावर हात जोडून बसलो होतो. मी हात जोडलेत म्हणजे काहीतरी भयंकर झालंय, हे आमच्या गल्लीत कुत्र्यालासुद्धा कळतं.

चावीनाना म्हणजे कचरू शेजवळ. रेल्वेत सदतीस वर्षं चावीवाले. रूळ ज्या लोखंडी चाव्यांनी धरलेला असतो, त्या गाड्यांच्या हादऱ्यानं ढिल्या होतात. मग एक माणूस हातोडा घेऊन रोज सहा किलोमीटर चालतो आणि ढिली दिसली की ठोकतो. तो माणूस म्हणजे नाना. रिटायर झाले, गुडघे गेले, पण ठोकायची सवय काही गेली नाही.

त्यांची नात रेवतीताई. तिनं गल्लीतल्या पोरांसाठी ठोकळ्यांच्या गेमचा सर्व्हर बनवला. म्हणजे एक मोठं जग. सगळ्यांनी आपापल्या फोनवरून त्यात शिरायचं, घरं बांधायची, खाणी खणायच्या, एकमेकांच्या कोंबड्या चोरायच्या. कानाला हेडफोन, सगळे एकाच कॉलवर, अखंड कालवा. ताई पुण्याला शिकायला गेली आणि जग नानांवर सोपवून गेली.

आता जगाचा मालक कोण, तर एका बोटानं टाइप करणारा म्हातारा.

सकाळी नऊला जग चालू, संध्याकाळी सहाला बंद. ड्युटी म्हणजे ड्युटी. आणि दिवसभर नाना गेममधे काय करतात? रूळ टाकतात.

टीपी म्हणजे टेलीपोर्ट. दोन नावं लिहायची. पहिलं ज्याला उचलायचं त्याचं, दुसरं ज्याच्यापाशी टाकायचं त्याचं. ‘भूत’ आणि मग ‘मुद्दू’ लिहिलं की भूत मुद्दूपाशी. भूत म्हणजे मी. घरी प्रज्योत, गल्लीत पज्या, गेममधे भूत.

बाकीची पोरं हरवली की टीपी वापरायची. मी त्याचा धंदा मांडला. माणूस घरात निवांत पाव भाजतोय, आणि एकदम मी त्याच्या मानगुटीशी. “भॉऽऽ!” पाव जळाला, माणूस पळाला. दहावीला दोनदा बसलो, पण ह्या विषयात मी पहिल्या झटक्यात पास.

सगळ्यात मोठं गिऱ्हाईक मुद्दू. मुदस्सर. माझ्या बाकावरचा. मागच्या वर्षी त्याच्या अब्बांची नांदेडला बदली झाली. बाक गेला, सायकलची डबलसीट गेली. राहिला तो गेम.

तीन आठवड्यांपूर्वी मी एका गुहेत होतो. खाली लाव्ह्याचं तळं, मधे एकच ठोकळा, त्याच्यावर मी. का? काही नाही, शौक. कंटाळा आला. म्हटलं, चला, मुद्दूला भॉ करून येऊ.

घाईत नावं उलटी पडली.

आधी मुद्दू. मग भूत.

मी हललोच नाही… मुद्दू आला.

एका ठोकळ्यावर दोघं मावत नाहीत. गेम एकाला ढकलतो. त्याला ढकललं.

त्याच्या हातात शोएबभाईची तलवार होती. शोएब म्हणजे त्याचा मोठा भाऊ. कतारला कामाला गेला. जायच्या दिवशी गेममधे येऊन स्वतःची तलवार मुद्दूच्या हातात देऊन गेला, पात्यावर नाव घातलेलं, ‘शोएबची’. त्यानंतर तो गेममधे आला नाही, तिथं वेळच मिळत नाही त्याला. मुद्दू ती तलवार कधी पेटीत ठेवायचा नाही. कोंबड्यांना दाणे टाकताना पण हातात तलवार.

गेममधे मेलं की हातातलं सगळं तिथंच पडतं, म्हणजे लाव्ह्यात. ती जळायला किती वेळ लागला सांगू? टीपीपेक्षा कमी.

माणूस जळायला चार-पाच सेकंद लागतात. तेवढ्यात किमान तीन शिव्या देता येतात, आणि शिव्यांमधे मुद्दू माझा गुरू. मी कान देऊन बसलो.

…काही नाही.

फक्त त्याच्या खोलीतल्या पंख्याचा आवाज. खर्र… खर्र… नांदेडचा पंखा.

मग तो पण बंद.

तेव्हापासून मुद्दू कॉलवर नाही. माझा नंबर ब्लॉक. गेममधे आहे, पण बारा हजार ठोकळे लांब जाऊन राहिलाय. आणि नानांनी त्याच दिवशी माझा टीपी काढून घेतला. फक्त माझा.

“एकदाच द्या, नाना. फक्त सॉरी म्हणायचंय. एका सेकंदात जातो, म्हणतो, येतो.”

“एका सेकंदात?”

“हो!”

“एका सेकंदात सॉरी म्हणून होतं?”

“…मग दोन.”

नानांनी शेंगांचा डबा बाजूला ठेवला. आत गेले, कॉम्प्युटरपाशी बसले. बोट वर… बोट खाली… बोट वर… एकेक ओळ लिहायला माणसाचं अर्धं आयुष्य. मला वाटलं, दिला टीपी!

माझ्या फोनवर काहीतरी पडलं. बघतो तर माझ्या भुताच्या हातात एक सोन्याचा तुकडा. त्याला नाव दिलेलं, ‘बीट ७’.

“हे काय?”

“बिल्ला.”

“ह्यानं टीपी लागतो?”

“चालत जायचं. रुळाच्या कडेनं. सहा हजारावर माझी पोस्ट आहे, दगडी खांब. तिथपर्यंत रूळ आहे. पुढं नुसती वाळू.”

“चालत! नाना, बारा हजार! तासभर लागेल. तासाभरात एसटी मालेगावला पोचते!”

“मग मालेगावला जा.”

असं बोलतात. तोंड अजिबात हलत नाही.

मी बसल्या जागी चालायला लागलो. म्हणजे अंगठ्यानं. रुळाच्या कडेनं. टप… टप… टप… नाना परत शेंगांना लागले.

दोन हजारावर मी विचारलं, “हा बिल्ला कशाला लागायचा?”

“उन्हात रूळ फुगतो,” नाना म्हणाले. “वाकडा होतो. दिसला नाही तर गाडी उलटते. म्हणून मे महिन्यात भर दुपारी गस्त. माझं बीट, म्हणजे गस्तीचा पट्टा, सात नंबर. मी इकडून निघायचो, आठ नंबरचा इसाक तिकडून. हद्दीवर भेटायचं. माझा बिल्ला त्याला, त्याचा मला. मग माघारी.”

“का पण?”

“साहेबाला काय कळणार मी पूर्ण चाललो का आंब्याखाली झोपलो? दुसऱ्याचा बिल्ला हातात असला तर चाललो.”

“आणि गप्पा?”

“पाणी प्यायचो.”

“एवढंच?”

“सदतीस वर्षं.”

मी म्हटलं, “आणि समजा इसाक आलाच नाही तर? तोच आंब्याखाली झोपला तर?”

नानांनी पहिल्यांदा माझ्याकडे बघितलं.

“तो आला नाही तर थांबायचं नसतं, पज्या. पुढं चालायचं. तो भेटेपर्यंत. आला नाही म्हणजे मधे काहीतरी झालंय.”

चार हजारावर वाळवंट लागलं. रूळ एका टेकडीला वळसा घालून जातो, पलीकडचं दिसत नाही. आजूबाजूला निवडुंग. आणि मी… मला कंटाळा आलेला.

आता मी खोटं नाही बोलणार. त्या वळणाकडे बघून माझे हात शिवशिवले. नाना रोज सकाळी ह्याच रुळावरून गाडीत बसून तपासणी करतात. वळणावर गाडी आली, पुढं रूळच नाही, धप्प! त्यांचं ते न हलणारं तोंड एकदा तरी हललेलं बघायचं होतं मला.

तीन रूळ उपटले. खाली वाळूत खड्डा खणला. तळाला निवडुंग लावले, छान ओळीत, बागेसारखे.

“थांबलास का?” नानांनी विचारलं. मान खालीच.

“नाही! पाणी प्यायलो.”

“बरं.”

खणण्यात, आणि मग खड्डा सगळ्या बाजूंनी निरखून बघण्यात चांगली वीस मिनिटं गेली. कारागीर माणूस, काय करणार.

पुढं साडेचार हजारावर नाना उठले. “चहा टाकतो,” म्हणाले आणि गुडघे धरत आत गेले. स्टोव्हचा आवाज आला.

कॉम्प्युटर चालू. खुर्ची रिकामी.

माझ्यासारख्या माणसासमोर खुर्ची रिकामी ठेवायची नसते.

दोन उड्यांत पोचलो. ह्या कॉम्प्युटरवरून कोणालाही कुठंही टाकता येतं. भूत, मुद्दू. बस, दोन शब्द. लिहायची जागा उघडली आणि… बोट थांबलं.

आधी कोण?

हजार वेळा मारलेला टीपी. झोपेत मारता येईल असा. आणि मला आठवेना! आधी भूत, का आधी मुद्दू? मागच्या वेळेस पण मला खात्रीच होती.

मग डोकं चाललं. वरचा बाण दाबला की आधी लिहिलेल्या ओळी एकेक करून परत येतात. नानांनी कधीतरी कोणालातरी टीपी मारला असेलच. तो बघायचा आणि तसाच लिहायचा. कॉपी करण्यात माझा हात कोणी धरणार नाही.

वरचा बाण.

मला दिलेला बिल्ला निघाला. त्याच्या वर काय?

वरचा बाण.

‘मुद्दू तो नीघतोय’

…काय?

नानांनी मुद्दूला पाठवलेला निरोप. फक्त त्यालाच दिसेल असा. आजचाच.

वरचा बाण.

‘मुद्दू तू नीघ बिल्ला घेउन ये’

मुद्दू चालत येतोय? माझ्याकडे?

वरचा बाण.

‘मुद्दू जेवलास का बाळा’

वरचा बाण.

‘मुद्दू जेवलास का’

वरचा बाण. ‘मुद्दू जेवलास का’. वरचा बाण. ‘मुद्दू आज पोळी का भात’. वरचा बाण… वरचा बाण… मी दाबत गेलो. रोजची एक ओळ. तीन आठवडे. एका बोटानं.

टीपी एकदाही नाही. कोणालाच नाही.

तळाला जाऊन शेवटची ओळ निघाली, माझा टीपी काढून घेतल्याची. त्याच्या मागं काही नव्हतं.

आत कपबशी वाजली. मी लिहायची जागा बंद केली, ओट्यावर येऊन पडलो, हेडफोन घातला, फोन उचलला आणि पळायला लागलो. अंगठा काचेत घुसेल इतका दाबून. वीस मिनिटं! तो पोस्टावर पोचला असेल. खांबापाशी उभा असेल. मी निवडुंग ओळीत लावत बसलो होतो!

नाना चहा घेऊन आले. माझा कप ठेवला. कॉम्प्युटरकडे बघितलं. माझ्याकडे बघितलं.

“धापा टाकतोयस,” म्हणाले. “बसल्या बसल्या.”

पोस्ट सहा हजारावर. मी पाच हजारापाशी होतो, तेवढ्यात कानात आवाज आला.

खर्र… खर्र…

पंखा.

मी जागच्या जागी थांबलो. समोरून रुळाच्या कडेनं एक ठिपका येत होता. एक रिकामी गाडी ढकलत.

“पोस्टावर दहा मिनटं थांबलो,” मुद्दूचा आवाज. तीन आठवड्यांनी. “तू नव्हतास. नाना बोलले होते, नाही आला तर पुढं चालायचं.”

माझ्या तोंडून काही निघेना. माझ्या! शाळेत ज्याला बोलल्याबद्दल अंगठे धरून उभं करायचे, त्याच्या!

“बिल्ला,” मुद्दू म्हणाला.

मी ‘बीट ७’ खाली टाकला. त्यानं ‘बीट ८’ टाकला. दोघांनी उचलले.

“तुला कोणी दिला?” मी विचारलं.

“नाना आले होते. मागच्या आठवड्यात. चालत.”

“बारा हजार?”

“दीड तास लागला म्हणे. मधे गाय आडवी आली होती.”

मी ओट्यावरून नानांकडे बघितलं. ते चहात खारी बुडवत होते.

“तुझ्या हातात काहीच नाही,” मी मुद्दूला म्हटलं. तो नेहमी लादलेला असायचा, कुदळ, धनुष्य, चिलखत. आज साधा शर्ट.

“सगळं घरी ठेवून आलो.”

“का?”

“तुला भेटायला येत होतो ना.”

…

असं मला कधी कोणी मारलं नाही. सरांनी पण नाही.

“शोएबभाई काय म्हणाला? तलवारीचं?”

“सांगितलं नाही अजून. दर शुक्रवारी फोनवर विचारतो, आहे ना रे? मी बोलतो, आहे.”

पंखा. खर्र… खर्र…

“मुद्दू,” मी म्हटलं, “सॉरी.”

एक सेकंदच लागला खरं तर. पण मधले पाच हजार ठोकळे त्यात मोजायचे का नाही, मला माहीत नाही.

“हां,” मुद्दू म्हणाला. बस. हां. मग त्यानं गाडी रुळावर सरळ केली. “गस्त झाली. आता बसून जातो. पोस्टावर नानांनी गाडी ठेवली होती, ढकलत आणली. येतो त्यांना भेटून.”

आणि गाडीत बसला.

माझं डोकं बधिर. गाडीचं तोंड माझ्या बाजूला. रूळ सरळ चार हजारापर्यंत. मग टेकडी. मग वळण.

“थांब!”

“काय?”

“वळणावर खड्डा आहे. मी खणलाय. नानांसाठी. खाली निवडुंग आहेत.”

“हो का?”

“आईशप्पथ!”

“तू ‘मागं साप’ बोललास, मी वळलो, तू कोंबडी नेली. ‘घर पेटलं’ बोललास, मी बादली घेऊन धावलो, तू माझा पलंग नेला. आता मी थांबतो. तू काय नेणार? काय राहिलंय?”

चोवीस तास भॉ करणाऱ्या माणसाकडे खरं बोलायला वेगळा आवाज नसतो. तोच आवाज. मी तीनदा ओरडलो, तिन्ही वेळा मलासुद्धा ती थापच वाटली.

“नाना!” मी हेडफोन काढला. “नाना, तुम्ही सांगा ना त्याला! तुमचं ऐकेल तो!”

नाना खारी चावत होते. सावकाश गिळली.

“मी कुठं बघितलाय खड्डा?”

मी हेडफोन परत घातला.

“मुद्दू, ऐक. तू बसून ये. पण गाडी हळू. मी रुळावर पुढं चालतो, तू माझ्या मागं. मला ठोकरून गेलास तरी चालेल. फक्त माझ्या मागं राहा.”

“…चाल.”

चाललो. हजार ठोकळे. मी पुढं, रुळांच्या मधोमध. गाडी मागं, खडखड… खडखड… एक ससा आडवा गेला. एरवी मी त्याच्यावर पाच मिनिटं बोललो असतो.

टेकडी आली. वळण आलं.

काठावर उभं राहून मी खिशातलं सगळं त्याच्या बाजूला टाकलं. आधी उपटलेले तीन रूळ. मग त्याचा बिल्ला, ‘बीट ८’.

“बिल्ला का टाकतोस?” तो म्हणाला.

“माझ्याबरोबर तुझं आणखी काही जायला नको.”

“अबे पज्या, काय करतोस…”

मी एक पाऊल पुढं टाकलं.

माझे निवडुंग. मीच लावलेले, ओळीत. पडदा लाल झाला, परत लाल झाला, परत लाल. फोन थरथरायला लागला. बागेचं काम चोख केलं होतं मी, बाहेर यायला कुठूनच जागा नव्हती.

कानात पंखा. खर्र… खर्र…

मग मुद्दूनं खड्ड्यात वाकून बघितलं असावं.

“हलकटा!” तो म्हणाला. “खरंच होता की रे! आयला, किती निवडुंग लावले! हरामखोर, डुकरा, माळी का झाला नाहीस रे तू!”

तीन आठवड्यांतली पहिली शिवी. मी डोळे मिटून कानांत घेतली. तीर्थ घेतात तशी.

आणि मेलो.

गेममधे मेलं की माणूस परत सुरुवातीला उगवतो. आमच्या जगाची सुरुवात म्हणजे नानांनी बांधलेलं स्टेशन. पापणी लवायच्या आत मी तिथं बाकाशेजारी उभा. रिकाम्या हातांनी.

चार हजार ठोकळे. एक सेकंद पण नाही.

मी फोनवरून मान वर केली. समोर खरे नाना. त्यांनी माझ्यापुढं खरा हात पसरला.

“बिल्ला?”

“मुद्दूकडे.”

“तुझा?”

“तो पण मुद्दूकडे. दोन्ही.”

नानांचा हात तसाच. तोंड तसंच… मग हात सावकाश मागं गेला आणि माझा गार झालेला चहा माझ्याकडे सरकवला.

कानात आवाज आला. सर्रर्र… वाळू. कोणीतरी खड्ड्यात वाळू लोटत होतं.

मग टक.

मग परत, टक.

मी मोजायला लागलो.

टक.

तीन.

नाना ओट्यावर, हेडफोन माझ्या कानाला. त्यांना ऐकू येणं शक्यच नव्हतं. पण तिसऱ्या टकला त्यांनी मान हलवली, ढिली चावी बसली की हलवत असतील तशी. मी बघतच राहिलो.

मग खडखड… खडखड… गाडी निघाली.

“येतोय!” मी उभाच राहिलो. चहा सांडला. “नाना, मुद्दू येतोय! टीपी द्या ना आता. आता तरी द्या! एका सेकंदात आणतो त्याला इथं!”

नानांनी कप उचलला. बशीत सांडलेला चहा परत कपात ओतला.

“कुठं आहे तो आत्ता?”

“मधे.”

“मधे काही नसतं म्हणाला होतास ना?”